पंचबाईंचा भाचा

१४ जानेवारी

आत्या,

तुझं पत्र मिळालं आणि वाचता वाचता मी उठून उभाच राहिलो. तसा मी कुठेही फार वेळ बसत नाही हे तुला माहीत आहे, पण या वेळी निदान कारण होतं. तू पंच झालीस! कोर्टात, न्यायाधीशाच्या शेजारी! मग आता तुझ्यासमोर कोणी खोटं बोललं तर काय करणार? दुकानातला अक्षरांचा तक्ता भिंतीला लावून शेवटची ओळ वाचायला सांगणार?

मला मात्र नीटसं कळलं नाही. तू लोकांना चष्मे लावतेस. कायदा तुला कुठे येतो? पुढच्या पत्रात सांग, माझ्या डोक्यात शिरेल अशा भाषेत.

माझं म्हणशील तर हो, अजून तीच नोकरी आहे. दात काढू नकोस. जहाज गोदीत घेतात, मागचा दरवाजा लावून पाणी उपसून टाकतात, की ते ठोकळ्यांवर उघडं पडतं. मग आम्ही फळीवर लोंबकळत त्याच्या पोटाचा गंज खरवडतो. एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला पोचेपर्यंत वाटतं, आता आपल्यालाच कोणीतरी खरवडा. पण उंचावर वारा असतो, मान वळवली की समुद्र असतो. तुझ्या दुकानात स्टुलावर बसण्यापेक्षा बरं.

खोलीत माझ्याबरोबर राहतो तो आपल्यातलाच आहे. इथे आपल्यातले आम्ही दोघेच. गोदीच्या स्टोअरचा तो मुख्य, हातोड्यापासून हातमोज्यापर्यंत त्याच्या सहीशिवाय काही हलत नाही. मूळचा तुझ्याच शहरातला, पण पार दुसऱ्या टोकाचा, तू ओळखणार नाहीस. आम्ही त्याला इस्त्री म्हणतो, कारण गंजाच्या या राज्यातसुद्धा त्याच्या पँटची घडी अशी की बोट कापेल.

आता एक गंमत. परवा सुट्टीच्या दिवशी दार वाजलं. इस्त्रीने पडद्याच्या फटीतून पाहिलं आणि त्याचं तोंड उतरलं. मला म्हणाला, "भिंगरी, तू उघड. सांग, साहेब जहाजाबरोबर गेले, वर्षभर येत नाहीत." मला काय, फुकटात नाटक करायला मिळालं. दारात एक बाई. हातात हिरवी छत्री, काखेत एक गुंडाळी. मी असा चेहरा केला, जणू माझाच सख्खा भाऊ बोटीवर गेलाय. ती म्हणाली, "पत्ता तरी द्या." मी म्हणालो, "समुद्राला कुठला पत्ता, बाई?" काय सुचलं बघ मला! तिने गुंडाळी माझ्या हातात दिली, म्हणाली, "आले की द्या." दार लावल्यावर आम्ही दोघं पोट धरधरून हसलो. इस्त्री तर खाली फरशीवरच बसला.

गुंडाळीत कोट निघाला. जाड, तपकिरी. इस्त्रीने हातही लावला नाही, म्हणाला, "तूच घाल." मला अगदी बेताचा बसला. आतलं अस्तर तेवढं बायकी आहे, निळ्यावर पांढरे ठिपके, कुणाच्या तरी जुन्या फ्रॉकचं असणार. पण बटणं लावली की कोणाला दिसतंय! थंडीचा प्रश्न सुटला. तू स्वेटर विणत असलीस तर उसवून टाक.

तुझा,
भिंगरी


९ फेब्रुवारी

भिंगरी,

स्वेटर उसवला नाही, शेजारणीच्या मुलाला दिला. त्याला तो मोठा होतो, पण तो निदान घालून एका जागी बसतो.

तुझ्या डोक्यात शिरेल असं सांगते. आपल्या पारशी माणसांच्या लग्नाच्या खटल्यांसाठी वेगळं कोर्ट बसतं. न्यायाधीश सरकारचा, आणि त्याच्याबरोबर आपल्या समाजातली पाच साधी माणसं. कायदा काय म्हणतो ते न्यायाधीश सांगतो. प्रत्यक्षात घडलं काय आणि खरं कोण बोलतंय, ते आम्ही पाच जणांनी ठरवायचं. समाजाचं मत घेऊन सरकार पंचांची यादी करतं आणि खटला आला की यादीतले पाच बोलावतात. नवरा-बायकोला आधीच विचारतात, यातला कोणी नको असेल तर आत्ताच सांगा. आजवर या यादीत गिरणीवाले, बँकवाले असेच असायचे. या वेळी जागा रिकामी झाली तेव्हा कोणीतरी म्हणालं म्हणे, "चष्मेवाल्या बाईंना घ्या, त्यांच्यासमोर अख्खा समाज एकदा तरी बसलाय."

कायदा मला येत नाही हे खरं. पण डोळे तपासताना समोरच्याला काय दिसतं ते विचारायचं असतं, उत्तर आपण सुचवायचं नसतं. तेवढं येतं. बाकी ताकीद दिली आहे की खटल्याबद्दल बाहेरून काही ऐकायचं नाही आणि बाहेर काही बोलायचं नाही. घरात मी एकटी, भिंतीशी बोलते. आता भिंतीशीही बंद. कोर्टासाठी नवे बूट घेतलेत, ते करकरतात. मी येतेय हे न्यायाधीशांना जिन्यावरूनच कळणार.

आता तुझी गंमत. मी ती दोनदा वाचली. हसू आलं नाही. ती बाई कुठून आली होती? परत कशी गेली? तू तिला बस म्हणालास का? पाणी विचारलंस का? तुझा बाप गेल्यावर तुला मी वाढवलं, म्हणजे हे मीच शिकवायचं राहिलं, असं समजू का?

कोट तुझा नाही. इस्त्रीला तिचा पत्ता विचार आणि परत पाठव.

आत्या


३ मार्च

आत्या,

एका कोटावरून केवढं रागावतेस! विचारलं मी इस्त्रीला. म्हणाला, ती लांबच्या नात्यातली आहे, डोक्याने जराशी अशीतशीच, कुणाकुणाला कपडे वाटत फिरते. पत्ता त्यालाही माहीत नाही. आता मी काय करू? छत्री शोधत फिरू?

तुझी बातमी मी सगळ्या गोदीला सांगितली. कोणाला काही पडलेली नव्हती. पण इस्त्रीच्या हातातला चहाचा कप तसाच राहिला. म्हणाला, "खरंच? तुझी आत्या? यादीत?" आणि मग त्याने पोटातलं सांगितलं. त्याचाही खटला आहे, आत्या, तुझ्याच कोर्टात! बायकोने दावा लावलाय की नवऱ्याने टाकलं. खरं तर उलटं आहे. बिचाऱ्याने इथे खोली घेतली, तिची वाट पाहिली, तिने पाऊल टाकलं नाही. तो सांगताना त्याचे डोळे भरून आले. मला तर माणूस असा रडला की आपलंच काहीतरी चुकलंय असं वाटतं.

मी म्हणालो, काळजी करू नकोस, आत्या माझ्या शब्दाबाहेर नाही. आता हसू नकोस, कधीतरी हे खरं करून दाखव. पाच जणांत तू असलीस तर जरा आपल्या माणसाकडे बघ. मी काही खोटं कर म्हणत नाही. तो चांगला आहे एवढंच ध्यानात ठेव.

आणि ऐक, त्याने मला फळीवरून खाली उतरवलं! आता मी स्टोअरमध्ये. छपराखाली, हात स्वच्छ. तुला हेच हवं होतं ना?

भिंगरी


२१ मार्च

भिंगरी,

तुझं पत्र "तुझ्याच कोर्टात" इथपर्यंत वाचलं, घडी घातली आणि डब्यात टाकलं. पुढे काय लिहिलंस ते मला माहीत नाही आणि सांगूही नकोस.

यापुढे पत्रात हवा लिही, जेवण लिही, पायाला फोड आला तर तो लिही. त्या माणसाचं नावसुद्धा नको.

आत्या


१२ एप्रिल

आत्या,

हवा बरी आहे. जेवण बरं नाही. फोड नाही.

झालं? आता आमचा मित्र (नाव लिहीत नाही बघ!) सुट्टी काढून तुमच्याकडे यायला निघालाय. कशासाठी ते तू मला विचारू नकोस, मी तुला सांगत नाही. त्याच्याबरोबर तुझ्यासाठी एक शाल पाठवली आहे, राखी रंगाची, मऊ. निवड माझी. म्हणजे दुकानात तो घेऊन गेला होता, पण रंग मी निवडला. म्हणाला, "रिकाम्या हाताने कसा जाऊ तुझ्या आत्याकडे?" किती रीत आहे बघ माणसाला. तू नुसती घे आणि चहा पाज. त्यात कुठला आलाय कायदा!

तो परत येईपर्यंत स्टोअरच्या किल्ल्या माझ्याकडे आहेत. आजवर कोणी मला सायकलची किल्लीसुद्धा दिली नव्हती.

भिंगरी


८ मे

भिंगरी,

हे पत्र मी चार वेळा सुरू केलं. आता फाडणार नाही, जसं येईल तसं वाच. मी आता पंच नाही, त्यामुळे लिहू शकते.

सुनावणीच्या आदल्या दिवशी तो दुकानात आला. पँटची घडी पाहिली आणि ओळखलं. मी एका मुलीच्या चष्म्याची दांडी बसवत होते. त्याने शाल काउंटरवर ठेवली, म्हणाला, "भाच्याने दिली आहे, मावशी." कोणाची मावशी? मी त्या मुलीसकट सगळ्यांना बाहेर काढलं आणि शटर ओढलं. शाल शटरखालून बाहेर ढकलली. मोठं काम केलं असं वाटलं मला.

दुसऱ्या दिवशी कोर्टात न्यायाधीशांनी आम्हा पाचांना विचारलं, "दोघांपैकी कोणाला कोणी ओळखतं का? कोणी तुमच्याशी संपर्क केला का?" चौघांनी नाही म्हणून मान हलवली. मीही हलवली. मनात म्हटलं, पत्र अर्धंच वाचलं, शाल घेतली नाही, मग सांगण्यासारखं आहे काय? खरं कारण तुला सांगते. पहिलाच खटला होता. नवे बूट होते. शेजारणीने सकाळी दारात उभं राहून बेस्ट लक म्हटलं होतं. उठून घरी जायचं जिवावर आलं.

मग ती साक्षीला उभी राहिली. हातात हिरवी छत्री.

छत्री पाहिली तेव्हाही मी स्वतःला म्हणाले, हिरव्या छत्र्या काय कमी असतात.

ती एका दाताच्या डॉक्टरकडे मदतनीस आहे. हळू बोलते, पण तुटक नाही. म्हणाली, नवरा कामासाठी गेला तो गेलाच, पत्रांना उत्तर नाही, म्हणून स्वतः शोधत गेले. नवऱ्याच्या वकिलाने विचारलं, "गेला होता याला साक्षीदार कोण?"

"एका मुलाने दार उघडलं होतं."

"नाव?"

"माहीत नाही. उंच होता. धड उभा राहत नव्हता, बोलताना एक पाय सारखा हलत होता. मी पत्ता मागितला तर म्हणाला, समुद्राला कुठला पत्ता, बाई?"

कोर्टात लोक हसले, भिंगरी. तुझ्या विनोदाला हसले. तुला हवं होतं ना, सुचलेलं कोणाला तरी ऐकवायला?

"आणि तुम्ही काय केलंत?"

"त्यांच्यासाठी कोट शिवून नेला होता, तो दिला. त्यांचाच जुना कोट, अस्तर नवीन घातलं होतं. माझ्या फ्रॉकचं, निळ्यावर पांढरे ठिपके. डाव्या काखेखाली कापड कमी पडलं म्हणून तिथे नुसता निळा तुकडा जोडला."

वकील आमच्याकडे वळून म्हणाला, "म्हणजे बघा, नाव नसलेला मुलगा, पत्ता नसलेला समुद्र आणि दाखवायला नसलेला कोट!" पुन्हा हसले. माझ्या शेजारचा पंचही हसला. ती तशीच उभी होती, दाताच्या डॉक्टरच्या खुर्चीत बसलेला माणूस असतो तशी, तोंड उघडं, सांगता काहीच येत नाही.

मी उठले. बूट करकरले. सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी म्हणाले, "तो मुलगा माझा भाचा आहे. आणि यांचे पती काल माझ्या दुकानात आले होते."

न्यायाधीश म्हणाले, "मी सुरुवातीला विचारलं तेव्हा तुम्ही मान हलवलीत."

मी म्हणाले, "हो."

आणखी काय म्हणणार होते? त्यांनी मला रागावून घालवलं असतं तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "आपण जाऊ शकता, बाई." समाजातली अर्धी माणसं तिथे बसली होती. प्रत्येकाच्या डोळ्यांवर माझ्या हातचा चष्मा. सगळ्यांना स्वच्छ दिसत होतं.

आता नवे पाच पंच नेमणार आणि सगळं पहिल्यापासून होणार. म्हणजे तिने पुन्हा उभं राहायचं, पुन्हा तेच सांगायचं, पुन्हा हशा. हे माझ्यामुळे. यादीतून माझं नाव काढा म्हणून मी लिहून दिलंय.

माझी साक्ष घेतली तरी मी काय सांगणार? भाच्याने पत्रात असं असं लिहिलं होतं. वकील म्हणेल, वाचाळ पोरगा, काहीही लिहील. आणि त्याचं बरोबर असेल. तिला आता पैसा नको, नवराही नको. तिने टाकलं नाही, तिला टाकलं, एवढं एका कागदावर खरं लिहून हवंय. दार तू उघडलंस. ते सांगायला तूच हवास.

आत्या


३० मे

आत्या,

तुझं पत्र मी खिशात घेऊन फिरतोय.

मला माहीत नव्हतं. खरंच माहीत नव्हतं ती त्याची बायको आहे. त्याने नात्यातली म्हणून सांगितलं होतं. मी काय दारात येणाऱ्या प्रत्येकाची चौकशी करू?

तो परत आलाय. मला काही बोलत नाही, उलट गोड बोलतो. काल म्हणाला, "मी पुढच्या वर्षी वरच्या ऑफिसात जाणार, स्टोअर कोणाला तरी द्यावं लागेल." आणि मग कोटाकडे बघून म्हणाला, "किती जुना झालाय हा, जाळून टाक, मी नवा घेऊन देतो." मी हो म्हणालो. जाळला मात्र नाही.

मला यायला जमणार नाही. रजा मिळत नाही. शिवाय मला बोलायची सवय नाही, म्हणजे तसलं बोलायची. वकिलाने चार प्रश्न विचारले की मी काहीतरी बरळेन आणि तिचंच नुकसान होईल. तिथे सगळे ओळखीचे असणार. न्हाव्यापासून बेकरीवाल्यापर्यंत सगळे म्हणतील, बघा, शाळा सोडून पळालेला तो हाच.

म्हणून मी एक युक्ती काढली आहे. कोट तुला पार्सलने पाठवतोय. तू तो कोर्टात दे. अस्तर बघितलं की झालं, काखेखालचा निळा तुकडासुद्धा आहे. मी नसलो तरी चालेल.

भिंगरी


१५ जून

भिंगरी,

पार्सल आलं. उघडलं नाही, तसंच परत पाठवतेय.

कोट एकटा कोर्टात गेला तर वकील विचारील, कशावरून हा तिथून आला? आणि कोट गप्प बसेल. त्याच्या आत कोणीतरी असायला हवं.

मी यापुढे लिहिणार नाही. राग म्हणून नाही. मी लिहीत राहिले तर तू उत्तरं देत बसशील.

आत्या


१९ नोव्हेंबर

आत्या,

हे पत्र टपालात टाकायचं नाहीये. का ते शेवटी सांगतो.

जुलैत मी इस्त्रीला सांगितलं की मी साक्ष देणार आहे. किल्ल्या त्याच्यासमोर ठेवल्या. त्याने त्या उचलल्या, रुमालाने पुसल्या आणि म्हणाला, "उद्यापासून फळीवर." मी खोलीही सोडली. मला वाटलं होतं सांगून टाकलं की हलकं वाटेल. काही वाटलं नाही, नुसता गंज खरवडत राहिलो. तिच्या वकिलाला मी पत्र लिहिलं होतं. त्याने तारीख कळवली तेव्हा मनात पहिल्यांदा काय आलं माहीत आहे? तारीख चुकली तर बरं. मग दोन गाड्या बदलून आलो. वाटेत एका स्टेशनवर उतरून उलट्या गाडीतही बसलो होतो. गाडी सुटायच्या आत उतरलो, एवढंच.

काल कोर्ट होतं. तुला कळलं असेलच. पण तू तिथे नव्हतीस, म्हणून मी सांगतो.

कोट हातात धरून न्यायचा असं ठरवलं होतं. पण अंगावर दुसरं गरम काही नव्हतं आणि आत शिरेपर्यंत ध्यानातच आलं नाही. ती समोर बसली होती. तिने माझ्याकडे पाहिलं नाही. कोटाकडे पाहिलं. मी तिथेच तो काढायला लागलो तर बाहीत हात अडकला. कुणीतरी मागून हसलं. बरंच झालं, आता मला कळलं ते ऐकायला कसं लागतं.

नव्या पंचांत तो न्हावी होता आणि आपल्या शाळेच्या मोठ्या बाई होत्या. पाचातल्या दोघांनी मला चड्डीत पाहिलेलं. वकिलाने मला काय काय नाही विचारलं. किती नोकऱ्या सोडल्या, शाळेतून का काढलं, आत्याने शिकवून पाठवलं का. मी सगळ्याला जे होतं ते सांगितलं. म्हणालो, शिकवलं असतं तर दारातच नीट वागलो असतो. मग त्याने तिला विचारलं, अस्तर न बघता सांगा. तिने सांगितलं. ठिपके, निळा तुकडा, सगळं. आणि म्हणाली, "खालच्या घडीला मी शेवटची गाठ दोनदा मारते." कोट पंचांकडे गेला. न्हाव्याने बोटाने चाचपलं आणि मान डोलावली. एका बाजूची शिवण मी उन्हाळ्यात गोदीच्या सुतळीने घातली होती, ती मध्येच अशी दिसत होती की मला तोंड लपवावंसं वाटलं.

मग पंच विचारायला लागले. मोठ्या बाई शाळेत मला "अरे माकडा" म्हणायच्या. काल म्हणाल्या, "तुम्ही यांना आत बसायला सांगितलंत का?"

आत्या, त्या "तुम्ही"ने माझा हलणारा पाय थांबला.

"नाही," मी म्हणालो.

"पाणी विचारलंत?"

"नाही."

"दार लावल्यावर तुम्ही काय केलंत?"

हे कोणी विचारेल असं मला वाटलं नव्हतं. तुला मी तेही लिहिलं होतं, पण तू तुझ्या पत्रात त्याचा उल्लेख केला नव्हतास. मला कळलं तू का टाळलंस. मी खोटं बोलू शकलो असतो. आत गेलो, झोपलो, काहीही. तिच्या वकिलाचं काम तोवर झालंच होतं.

मी म्हणालो, "हसलो. आम्ही दोघंही हसलो. मोठ्याने."

तेव्हा पहिल्यांदा तिने माझ्याकडे पाहिलं. मग मान खाली घातली. तिने कोर्टात कधीच सांगितलं नव्हतं, पण मला तिथे उभ्या उभ्या कळलं की दार पातळ होतं.

निकाल संध्याकाळी लागला. पंचांनी तिचं खरं मानलं. बाहेर कळलं की पाचातले चार तिच्या बाजूचे होते आणि एकजण म्हणत होता, या पोराच्या शब्दावर काय विश्वास ठेवायचा? मला त्याचंच जास्त पटलं.

कोट कोर्टाने ठेवून घेतला. मी शर्टावर बाहेर आलो, पायऱ्यांवर उभा होतो. इस्त्री माझ्या बाजूने गेला, घडी तशीच कडक. मग ती आली. मला वाटलं मारेल. मारलं असतं तर मी हात वर केला नसता. मी माफी मागायला तोंड उघडलं, तिने छत्रीची मूठ अशी वर केली, गप्प म्हणून.

म्हणाली, "आत दोघं हसत होते. त्यातलं एक हसणं मी ओळखलं होतं. लग्नानंतर पहिली दोन वर्षं ते हसणं माझ्या घरात होतं. परतीच्या वाटेवर मी स्वतःला सांगत राहिले, तो नसेल, दुसरं कोणी असेल, तो खरंच बोटीवर असेल. आजपर्यंत सांगत होते. आता ती सोय राहिली नाही."

मी म्हणालो, "मी बोलायला नको होतं का?"

ती म्हणाली, "मला काय विचारता?" आणि गेली. थोडं पुढे जाऊन वळली आणि म्हणाली, "थंडी आहे. काहीतरी घाला." तेवढ्यासाठी मी काय करू सांग. शिवी दिली असती तर घेऊन झोपलो असतो.

मला वाटलं होतं खरं सांगितलं की ती मोकळी होईल आणि मीही. ती मोकळी झाली, कागदावर. माझं म्हणशील तर मी तिच्याकडचा उरलासुरला आधार काढून घेतला आणि तो खरा नव्हता म्हणून मला ते करावंच लागलं. हे दोन्ही एकाच वेळी कसं धरायचं ते मला येत नाही. तुला येत असेल तर सांग. न्यायाधीशांसमोर तू नुसतं "हो" म्हणालीस ना, ते मी आता पुन्हा पुन्हा वाचतो. पत्र खिशातच आहे, घड्यांवर फाटलंय.

काल तुझ्याकडे आलो नाही. आजही सकाळपासून तुझ्या दुकानासमोरच्या बाकावर बसलोय. तू काच पुसलीस, एका आजोबांच्या नाकावर चष्मा बसवलास, त्यांना रस्त्याकडे बघायला लावलंस. त्यांनी बरोबर माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले असतील, स्पष्ट दिसतंय. मी मान खाली घातली. तू पायात जुनेच बूट घातलेत, तेही पाहिलं.

हे पत्र मी त्या आजोबांच्या हाती आत पाठवणार आहे, ते चष्म्याची डबी विसरून परत फिरलेत. वाचून झालं की बाहेर बघ. बघावंसं वाटलं नाही तर शटर ओढ, मला कळेल, मी ओरडणार नाही. आणि बघितलंस तर शोधावं लागणार नाही. बाकावर बसलाय आणि एक पाय हलतोय तो मीच.

भिंगरी